बंद खोलीतला दुसरा डाव

घराबाहेर पडायचे नाही, शिक्षण नाही, नोकरी नाही. आईने दाराशी ठेवलेले ताट तेवढे आत घ्यायचे. अशी वर्षे काढणाऱ्यांना जपानमध्ये ‘हिकिकोमोरी’ म्हणतात. मानसोपचारतज्ज्ञ तामाकी साइतो यांच्या १९९८ मधील पुस्तकाने हा शब्द सर्वतोमुखी केला. सहा महिने वा अधिक काळ समाजापासून तुटून राहिलेल्यांना तो लावला जातो. त्यांत कोपऱ्यावरच्या दुकानापुरते बाहेर पडणारेही मोजले जातात. मार्च २०२३ मध्ये जाहीर झालेल्या सरकारी पाहणीनुसार १५ ते ६४ वयोगटातील अशांची संख्या सुमारे १४ लाख ६० हजार भरते.

या खोलीची चर्चा निघाली की प्रौढांसाठीच्या ‘व्हिज्युअल नॉव्हेल’कडे बोट दाखवण्याची प्रथा आहे. हा प्रकार म्हणजे अर्धी कादंबरी, अर्धा खेळ. पडद्यावर स्थिर चित्र, खाली मजकूर, सोबत संगीत. अधूनमधून वाचकाने दोन-तीन पर्यायांतून एक निवडायचा आणि त्यानुसार कथा एखाद्या नायिकेच्या वाटेने वळायची. शेवटी कामदृश्ये. म्हणजे एकलकोंड्यांची विकृती, असा निकाल देऊन मोकळे होता येते. परंतु तो निकाल घाईचा आहे.

‘की’ या संस्थेची ‘कॅनन’ ही कृती १९९९ साली प्रौढांसाठी निघाली. बर्फाळ गावात सात वर्षांनी परतलेला तरुण आणि त्याने विसरलेली नाती, हा तिचा विषय. पुढच्याच वर्षी कामदृश्ये वगळून तिची सर्वांसाठीची आवृत्ती आली आणि कथेचे काहीच बिघडले नाही. वाचकाला भुरळ होती ती देहापेक्षा ‘तुझी कोणीतरी वाट पाहत होते’ या दिलाशाची.

त्याहून मोठे आकर्षण या खेळाच्या रचनेतच आहे. कथा हव्या त्या ठिकाणी जतन करता येते. उत्तर चुकले, नायिका दुरावली, तर मागे जाऊन दुसरे उत्तर द्यावे. इथे नकार कायमचा नसतो. जपानी तरुणाला बाहेरच्या जगात नेमकी हीच सवलत नव्हती. मोठ्या कंपन्या पदवी घेणाऱ्यांची भरती वर्षातून एकदाच, घाऊक पद्धतीने करत. आर्थिक फुगा फुटल्यानंतर, नव्वदच्या दशकाच्या मध्यापासून पुढची दहाएक वर्षे जे पदवीधर झाले, त्यांची ती एकमेव गाडी चुकली. दुसरी आलीच नाही. तेव्हा या खेळांनी माणसे खोलीत कोंडली, असे म्हणण्यापेक्षा बाहेर नाकारलेला दुसरा डाव त्यांनी खोलीत देऊ केला, असे म्हणणे अधिक न्याय्य ठरेल.

अर्थात, हा दिलासा निर्दोष नाही. ज्या नायिकेला स्वतःचे आयुष्य नाही, जी केवळ योग्य उत्तराची वाट पाहते, तिच्या सहवासात दुसऱ्याची इच्छा ओळखण्याचा आणि नकार पचवण्याचा सराव होत नाही. तात्सुहिको ताकिमोतो यांच्या २००२ मधील ‘एनएचके नी योकोसो’ या कादंबरीतला नायक स्वतः हिकिकोमोरी आहे. शेजाऱ्याच्या साथीने तो असाच खेळ रचू पाहतो. आदर्श प्रेयसी शब्दांत मांडताना त्याची जी फजिती होते, तीत या स्वप्नाची मर्यादा उघडी पडते.

त्या पिढीतले अनेकजण आज पन्नाशीच्या आसपास आहेत आणि त्यांना पोसणारे आईवडील ऐंशीच्या. जपानमध्ये याला ‘८०५०चा प्रश्न’ म्हणतात. सरकारने २०१९ मध्ये या पिढीतील तीन लाख लोकांना तीन वर्षांत कायम नोकरीत आणण्याचा संकल्प सोडला. एप्रिल २०२४ पासून एकाकीपणाविषयीचा कायदाही लागू झाला. दिशा योग्य, पण पाव शतकाच्या विलंबाने. आईवडिलांच्या पश्चात दाराशी ताट कोण ठेवणार, हा प्रश्न आता दूरचा राहिलेला नाही. पडद्यावरची कथा मागे नेता येते. तिच्यापुढे बसलेल्या माणसाचे वय नाही.