‘साथ दिली’ म्हणजे नेमकं काय केलं?

नाशिकमध्ये वाढलेल्या माणसाला दादासाहेब फाळके वेगळे शिकवावे लागत नाहीत. जन्म त्र्यंबकेश्वरचा, अखेर नाशिकची, आणि पांडवलेण्याच्या पायथ्याशी स्मारक. त्यांच्या गोष्टीत एक वाक्य हमखास येतं: ‘पत्नी सरस्वतीबाईंनी मोलाची साथ दिली.’ माझं भांडण या वाक्याशी आहे.

साथ म्हणजे काय? तेव्हा कच्ची फिल्म कडेच्या भोकांशिवाय यायची. ती भोकं अंधारात, नेमक्या अंतरावर पाडावी लागत. अंतर चुकलं की फिल्म अडकणार किंवा पडद्यावर चित्र नाचणार. फाळक्यांनी 1912 मध्ये लंडनहून त्यासाठी यंत्र आणलं होतं, पण यंत्र आपोआप चालत नाही. ते काम सरस्वतीबाई करत.

हिशोब करा. 35 मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात 16 चौकटी, दर चौकटीला प्रत्येक कडेला चार भोकं. ‘राजा हरिश्चंद्र’ साधारण 3,700 फुटांचा. दोन्ही कडा मिळून पावणेपाच लाखांच्या घरात भोकं, तीही फक्त एका प्रतीची. शिवाय रसायनं कालवणं, फिल्म धुणं, दिवसा उन्हात पांढरी चादर धरून नटांवर उजेड पाडणं आणि सगळ्या मंडळींचा स्वयंपाक. दागिने गेले ते वेगळेच. 3 मे 1913 ला गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये सिनेमा लागला, तो या सगळ्यावर.

आता कुणी म्हणेल, मग त्यांना ‘भारताची पहिली एडिटर’ म्हणून टाका. असे फॉरवर्ड फिरतातच. मला तोही आळस वाटतो. त्या काळी संकलक हे वेगळं पदच नव्हतं. कुठला शॉट कुठे जोडायचा हे फाळके ठरवत, तर ते श्रेय त्यांचंच. एखादी पदवी चिकटवली की प्रत्यक्ष काम सांगायची जबाबदारी आपल्यावरून टळते.

1929 च्या ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ या सोव्हिएत चित्रपटात दिग्दर्शक झिगा व्हर्टोव्हची पत्नी आणि संकलक एलिझावेटा स्विलोवा पडद्यावरच फिल्म कापताना, जोडताना दिसते. काम दिसतं, म्हणून नाव राहतं. आपल्या डोळ्यांसमोर मात्र फिल्मची पट्टी निरखणाऱ्या फाळक्यांचाच फोटो येतो.

ही फक्त सरस्वतीबाईंची गोष्ट नाही. फाळके पुरस्कार 1969 पासून दिला जातो. हृषीकेश मुखर्जींनी बिमल रॉय यांच्या ‘दो बिघा जमीन’चं संकलन केलं, पण पुरस्कार मिळाला तो दिग्दर्शक म्हणून नाव झाल्यावर. छायालेखक व्ही. के. मूर्तींना तो 2008 सालासाठी मिळाला. केवळ संकलक म्हणून कारकीर्द केलेल्या माणसाची पाळी अजून यायची आहे.

मी सॉफ्टवेअरमध्ये आहे. कोडची कुठली ओळ कुणी लिहिली, हे गिटमध्ये कायम नोंदलेलं असतं. तरी लाँचच्या मेलमध्ये एकाचं नाव येतं आणि रात्री जागलेल्यांच्या वाट्याला ‘टीमचे आभार’. नोंद असूनही आमची ही गत. सरस्वतीबाईंच्या कामाची तर नोंदही धड नाही, आणि लग्नात त्यांचं गिरिजा करंदीकर हे नावसुद्धा बदललं.

म्हणून मागणी साधी आहे. पाठ्यपुस्तकात, भाषणात, तुमच्या पुढच्या पोस्टमध्ये ‘साथ दिली’ खोडा. भोकं पाडली, फिल्म धुतली, चादर धरली, दागिने दिले, असं लिहा. वाक्य लांबेल. लांबू द्या.