सरडा ओळखावा तो गळ्यावरून

उन्हाळा सरत आला की कुंपणावरच्या सरड्याचा गळा लालभडक दिसू लागतो, आणि 'हा रक्त पितो' असे म्हणून मुले दगड उचलतात. ही समजूत आमच्या परभणीकडचीच आहे असे नव्हे. इंग्रजांनीही ह्या प्राण्यास रक्तशोषक अशाच अर्थाचे नाव देऊन ठेविले. वास्तविक ती लाली म्हणजे विणीच्या दिवसांतील नराचा साज होय. प्रतिस्पर्ध्यापुढे हार खाल्ली की तो रंग लागलीच उतरतो. आपल्याकडील सरडा किंवा पाल ह्यांपैकी कोणीही विषारी नाही. किडे, मुंग्या, नाकतोडे हे त्यांचे अन्न. तेव्हा दगड खाली टाकून मुलांनी त्याच्याकडे नीट पाहावे, हे बरे.

'सरडा' हा शब्द संस्कृत 'सरट' ह्यापासून आला. 'कृकलास' हे त्याचे दुसरे नाव. एकच गाय दोघा ब्राह्मणांस दिल्याच्या दोषाने नृग राजा कृकलास होऊन विहिरीत पडला, ही भागवतातील कथा वाचकांस ठाऊक आहेच. तो कृकलास कोणत्या जातीचा, ह्याची चिकित्सा कथाकारास करावयाची नव्हती. आपणांस मात्र निदान दोन सरडे तरी निरनिराळे ओळखता यावेत.

पहिला बागेतील. मानेपासून पाठीवर करवतीसारखा तुरा, कानाच्या वर बारीक काटे, शेपूट अंगाच्या दुपटीहून लांब, मागच्या पायास पाच बोटे. हा झाडाझुडपांवर राहतो आणि मादी मऊ मातीत खड्डा करून अंडी पुरते. पालीप्रमाणे हा शेपूट टाकून पळत नाही.

दुसरा माळरानावरचा. हा चणीने लहान, मातकट, पाठीवर शंकरपाळ्यांसारखी नक्षी. मागच्या पायास बोटे चारच, आणि घाबरला की मागच्या दोन पायांवर धावत सुटतो. एरवी कोणाच्या नजरेत न भरणारा हा प्राणी पावसाळ्यापूर्वी दगडावर चढून गळ्याखालची पातळ कातडी पंख्यासारखी उघडतो. हा पंखा फक्त नरास असतो. काही जातींत तो पांढुरका, तर काहींत निळा, काळा व नारिंगी अशा तीन रंगांचा. अमेरिकेतील अनोल नावाच्या सरड्यांसही असाच पंखा असतो व तेथील पंडित त्याच्या रंगावरून जाती ठरवितात. परंतु त्यांचे कूळ निराळे.

आपल्या तिरंगी पंख्याच्या सरड्यांची २०१६ साली स्वतंत्र प्रजाती मानण्यात आली आणि तिला शास्त्रीय नाव दिले गेले ते 'सरडा' हेच! लॅटिन नामावळीत आपला हा शब्द पाहून जुन्या शिक्षकास किती संतोष वाटला, हे सांगणे नलगे. त्यांतील सर्वांत देखणी जात साताऱ्याजवळील चाळकेवाडीच्या पठारावर आहे. तेथे पवनचक्क्या उभ्या राहिल्यावर शिकारी पक्षी कमी झाले, त्यामुळे सरडे वाढले. पण २०१८ साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासानुसार पवनचक्क्यांजवळच्या नरांच्या पंख्याचे रंग फिके आढळले. दाटी झाल्याने वाट्यास येणारे अन्न घटले, हे त्याचे एक संभाव्य कारण सांगतात.