पित्याहून पुत्र थोर

ग्रीक पुराणकथा म्हटल्या की ऑलिंपस पर्वतावरील देव, त्यांचे आपसांतील कलह आणि वीरांचे पराक्रम प्रथम आठवतात. परंतु या कथासंभाराच्या मुळाशी एक घरगुती प्रश्न आहे आणि तो कोणत्याही कर्त्या कुटुंबाला अपरिचित नाही. एका पिढीच्या हातातील सत्ता दुसऱ्या पिढीकडे कशी जावी? देवांच्या तीन पिढ्यांना हा प्रश्न सुखासुखी सुटला नाही.

इसवी सनापूर्वी ७०० च्या सुमारास हेसिअड नावाच्या कवीने ‘थिऑगनी’ या काव्यात देवांची वंशावळ सांगितली. हेसिअडचा पिता सागरी व्यापार सोडून ग्रीसमधील हेलिकॉन पर्वताजवळच्या एका लहान गावात स्थायिक झाला होता. वडिलोपार्जित मिळकतीच्या वाटणीवरून भाऊ पर्सिस याच्याशी झालेल्या तंट्याचा उल्लेख कवीने आपल्या दुसऱ्या काव्यात केला आहे. वारसा आणि हिस्सा हे विषय त्याच्यासाठी केवळ ऐकीव नव्हते.

हेसिअडच्या कथनानुसार आकाशरूपी युरेनस आणि पृथ्वीरूपी गेया यांना सहा पुत्र व सहा कन्या झाल्या. हेच टायटन. त्यांच्याखेरीज तीन एकाक्ष सायक्लोप्स आणि शंभर हातांचे तीन महाकाय पुत्रही जन्मले. युरेनसला आपल्याच संततीचा तिटकारा होता. मूल जन्मले की तो त्याला पृथ्वीच्या उदरात कोंडून ठेवी. त्या भाराने व्याकुळ झालेल्या गेयाने एक विळा घडवला आणि मुलांना साद घातली. इतर भयाने गप्प राहिले. धाकटा टायटन क्रोनस तेवढा पुढे आला. त्याने पित्यावर घाव घातला आणि सत्ता हाती घेतली.

ज्याने पित्याचा अन्याय संपवला, तो स्वतः पिता झाल्यावर निराळा वागेल अशी अपेक्षा असते. तसे घडले नाही. आपलाच पुत्र आपल्याला पदच्युत करील, हे भाकीत क्रोनसने ऐकले होते. म्हणून हेस्टिया, डिमीटर, हेरा, हेडीज आणि पोसायडन ही पाचही अपत्ये त्याने जन्मताच गिळून टाकली. सहाव्या वेळी पत्नी रीया हिने बाळ झ्यूसला क्रीट बेटावर लपवले आणि दुपट्यात गुंडाळलेला दगड पतीच्या हाती दिला. क्रोनसने तोही गिळला. पुढे झ्यूस मोठा झाल्यावर क्रोनसला गिळलेले सारे ओकावे लागले आणि सर्वांत आधी बाहेर पडला तो दगड. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातील प्रवासी पॉसेनिअस याने डेल्फी येथे हाच म्हणून मानला जाणारा दगड पाहिला. त्यावर रोज तेल ओतले जाई, अशी नोंद त्याने केली आहे.

त्यानंतर टायटन आणि नवे देव यांच्यात दहा वर्षे युद्ध चालले. झ्यूसच्या विजयात त्याच्या वज्राचा वाटा मोठा होता. पण ते वज्र त्याचे स्वतःचे नव्हते. त्याने बंधनातून सोडवलेल्या सायक्लोप्सनी ते कृतज्ञतेने दिले होते. शंभर हातांच्या महाकायांनाही त्यानेच मुक्त केले. जो आपल्या बाजूने येईल त्याचा पूर्वीचा मान कायम राहील आणि ज्याला क्रोनसच्या राज्यात काहीच मिळाले नाही त्याला हक्काचे स्थान मिळेल, असे वचन त्याने युद्धापूर्वीच दिले होते. होमरच्या ‘इलियड’मध्ये तीन भावांच्या वाटणीची कथा येते. चिठ्ठ्या टाकून झ्यूसला आकाश, पोसायडनला समुद्र आणि हेडीजला पाताळ मिळाले. पृथ्वी आणि ऑलिंपस सामाईक राहिले. पुढे झ्यूसने रणांगण सोडण्याचा हुकूम पाठवला, तेव्हा पोसायडन याच वाटणीचा दाखला देऊन रागावतो आणि अखेर थोरल्या भावाचा मान राखून माघार घेतो. हेसिअडच्या काव्यात मात्र झ्यूस सर्वांत धाकटा आहे.

तरीही बापजाद्यांचे भय झ्यूसला चुकले नाही. त्याची पहिली पत्नी मेटिस हिच्या पोटी कन्येनंतर देव-मानवांवर राज्य करणारा पुत्र जन्मेल, असे भाकीत होते. झ्यूसने गर्भवती मेटिसलाच गिळले आणि अथीना त्याच्या मस्तकातून जन्मली. पुढे थेटिस या सागरकन्येची त्याला अभिलाषा वाटली, तेव्हा पुन्हा तोच पेच उभा राहिला. तिचा पुत्र पित्याहून श्रेष्ठ होणार होता. एस्किलसच्या नावावर असलेल्या एका नाटकात हे रहस्य प्रॉमिथिअस या टायटनाला ठाऊक असते आणि कड्याला जखडलेला असूनही तो ते उघड करत नाही. पिंडार कवीच्या मते हे भविष्य थेमिस देवीने सांगितले. या वेळी झ्यूसने कोणालाही गिळले नाही. त्याने अभिलाषा सोडली आणि थेटिसचा विवाह पीलिअस या मर्त्य राजाशी लावला गेला. तिचा पुत्र म्हणजे ट्रॉयच्या युद्धातील महावीर अकिलीस.

येथे या कथांचा खरा अर्थ उलगडतो. ज्या पुत्राच्या भयाने देवांचा राजा मागे सरला, त्या पुत्राला युद्धावर पाठवताना पीलिअसने सदैव इतरांच्या पुढे राहण्याचा उपदेश केला, असे ‘इलियड’ सांगते. त्याच काव्यात ट्रॉयचा राजपुत्र हेक्टर रणांगणावर परतण्यापूर्वी तान्ह्या मुलाला उचलून घेतो. हा आपल्या पित्याहून कितीतरी सरस निघाला, असे लोकांनी एक दिवस म्हणावे, अशी प्रार्थना तो करतो आणि ती झ्यूसपाशीच करतो! ज्याचे देवाला भय वाटले, तेच माणसाने देवाकडे वरदान म्हणून मागितले.

हे मागणे पुरे झाले नाही. हेक्टर अकिलीसच्या हातून पडला आणि ट्रॉय जिंकले गेल्यावर त्याच्या बाळाला तटावरून खाली फेकण्यात आले. अकिलीसही घरी परतला नाही. वृद्ध पीलिअस त्याची वाट पाहत राहिला. देवांना मृत्यू नव्हता, म्हणून पुढच्या पिढीसाठी जागा सोडण्याची निकड त्यांना कधी भासली नाही. माणसाला जावेच लागते. मुलाच्या रूपाने तो मागे उरतो आणि म्हणूनच ‘बापसे बेटा सवाई’ हे शब्द कानी पडावेत, यापरते मोठे सुख त्याला दुसरे नसते.