शत्रुराष्ट्राचा नागरिक, हिंदी पडद्याचा छायालेखक

१/ हिंदी चित्रपटाचा इतिहास नटनट्यांच्या नावांनी सांगितला जातो. कॅमेऱ्यामागचा माणूस बहुधा तळटीपेत राहतो. जोसेफ विर्शिंग (१९०३–१९६७) या म्यूनिकच्या छायालेखकाला तळटीपेत ठेवणे मात्र इतिहासाला परवडणारे नाही. ‘भारतीय’ चित्रपट म्हणजे नेमके काय, हा प्रश्न त्यांच्या कारकिर्दीतूनच उभा राहतो.

२/ म्यूनिकच्या एमेल्का स्टुडिओच्या चमूबरोबर विर्शिंग प्रथम भारतात आले ते ‘प्रेम संन्यास’ (१९२५) या मूकपटासाठी. दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन, तर बुद्धाच्या भूमिकेत हिमांशू राय. पुढे १९३३ मध्ये जर्मनीत हिटलर सत्तेवर आला आणि १९३४ मध्ये राय व देविका राणी यांनी मुंबईत मालाडला बॉम्बे टॉकीज उभी केली. ऑस्टेन आणि विर्शिंग हे दोघेही तिथे रुजू झाले.

३/ दलित मुलगी आणि ब्राह्मण मुलगा यांच्या प्रेमाची शोकांतिका सांगणारा ‘अछूत कन्या’ (१९३६) हा याच जोडीचा. अस्पृश्यतेचा प्रश्न देशभर पेटलेला असताना त्याची पडद्यावरची एक गाजलेली प्रतिमा एका जर्मन माणसाच्या भिंगातून उतरली. चेहऱ्यावर मंद, मृदू प्रकाश आणि भोवती गडद होत जाणारी सावली ही त्यांची शैली जर्मन स्टुडिओंच्या तालमीत घडलेली होती.

४/ सप्टेंबर १९३९ मध्ये ब्रिटनने युद्ध पुकारले. भारतीय नेत्यांना न विचारता व्हाइसरॉयने भारतालाही त्यात ओढले आणि इथले जर्मन नागरिक एका दिवसात ‘शत्रू’ ठरले. ‘कंगन’चे काम चालू असतानाच ऑस्टेन यांना ताब्यात घेण्यात आले. विर्शिंगही स्थानबद्ध झाले.

५/ सरकारचा संशय सर्वस्वी निराधार होता, असे म्हणता येत नाही. ऑस्टेन १९३६ पासून नाझी पक्षाचे सदस्य होते, आणि हे झाकून बॉम्बे टॉकीजचा गौरव करणे अप्रामाणिकपणाचे ठरेल. परंतु सरकारने प्रत्येकाची कृती तपासून मग छावणी भरली नाही. पारपत्र पाहून भरली. स्वतः परक्यांवर सत्ता गाजवणारे राज्य ‘परका कोण’ हे ठरवत होते, यातला विरोधाभास विसरता येत नाही.

६/ स्टुडिओ मात्र थांबला नाही. १९४० मध्ये राय यांचे निधन झाले, तरी देविका राणींनी कारभार सांभाळला. विर्शिंग यांच्या हाताखाली तयार झालेल्या आर. डी. परींजा यांनी ‘किस्मत’ (१९४३) चित्रित केला आणि त्या चित्रपटाने लोकप्रियतेचा उच्चांक गाठला. गुरू छावणीत होता. त्याची विद्या मालाडमध्येच होती.

७/ युद्ध संपल्यावर ऑस्टेन यांच्याप्रमाणे जर्मनीची वाट न धरता विर्शिंग मुंबईतच राहिले. स्वतंत्र भारतात कमाल अमरोही यांचा ‘महल’ (१९४९) आला. त्या ओसाड हवेलीतील काळोख आणि मधुबालेचा उजळलेला चेहरा हे विर्शिंग यांचे काम. हिंदी भयपट त्या सावल्यांचे ऋण आजही फेडतो आहे.

८/ शेवटचा मोठा प्रकल्प ‘पाकीजा’. लखनवी तहजीबीचा हा रंगीत, सिनेमास्कोप पट वर्षानुवर्षे रखडला. १९६७ मध्ये विर्शिंग मुंबईतच वारले. उरलेले चित्रण इतर छायालेखकांनी पूर्ण केले. १९७२ मध्ये चित्रपट झळकला तेव्हा श्रेयनामावलीत छायालेखक म्हणून नाव होते ते विर्शिंग यांचेच.

९/ एखादी कलाकृती कोणत्या देशाची, हे कारागिराच्या जन्मस्थानावरून ठरवू लागलो, तर ‘अछूत कन्या’, ‘महल’ आणि ‘पाकीजा’ यांच्यावरचा आपला हक्क डळमळीत होतो. तो हक्क वेगळ्या कारणाने पक्का आहे. या माणसाने आपले आयुष्य इथल्या कथांना, इथल्या चेहऱ्यांना आणि इथे शिकणाऱ्या हातांना दिले. १९३९ च्या सरकारी यादीत यातले काहीही नोंदले गेले नव्हते. निदान चित्रपटाच्या इतिहासात तरी ते नोंदले जायला हवे.