हेलसिंकीचा कचरागाडीवाला आणि आपलं नाशिक

नाशिकरोडच्या आमच्या अभ्यासवर्गात मागच्या महिन्यात पुस्तक बाजूला ठेवलं आणि चित्रपट लावला. भिंतीवर पांढरी चादर, एक लॅपटॉप, उसना आणलेला स्पीकर आणि वीस-बावीस पोरं-पोरी. चित्रपट फिनलंडचा, १९८६ सालचा, 'शॅडोज इन पॅराडाईज'. दिग्दर्शक आकी कौरिस्माकी. जागा हेलसिंकी, म्हणजे त्या देशाची राजधानी.

पहिली दहा मिनिटं नुसती चुळबुळ. गाणं नाही, मारामारी नाही, माणसं बोलतात तीही मोजून. चित्रपटाचा नायक निकांडर हा कचऱ्याची गाडी चालवतो. त्याच्याबरोबर काम करणारा म्हातारा स्वतःचा धंदा काढायची स्वप्नं बघत असतो आणि कामावरच मरून पडतो. नायिका इलोना सुपरमार्केटात गल्ल्यावर बसते, तिची नोकरी जाते. या दोघांचं जमतं, मोडतं, पुन्हा जमतं. बस, एवढीच गोष्ट.

संपल्यावर मागच्या रांगेतला एक पोरगा म्हणाला, "दादा, हा तर घंटागाडीवरचा माणूस. हा हिरो कसा?"

त्याचे वडील घंटागाडीवर आहेत, हे मला माहीत होतं. वर्गातल्या बऱ्याच जणांना नव्हतं. पोरगं थट्टा करत नव्हतं, त्याला खरंच प्रश्न पडला होता. एकवीस वर्षांच्या आयुष्यात त्याने पडद्यावर आपल्या बापासारखा माणूस प्रेम करताना, हॉटेलात बसून सिगारेट ओढताना, रुसताना कधी पाहिलाच नव्हता. मेलेला पाहिला असेल. मार खाताना पाहिला असेल. हात जोडून उभा असलेला तर नक्कीच पाहिला असेल.

मित्रांनो, हा लेख त्या प्रश्नासाठी आहे.

आधी एक गोष्ट स्पष्ट करतो, नाहीतर कोणीतरी लगेच म्हणेल की दादा आता युरोपचे गोडवे गायला लागले. निकांडर कचरा उचलतो, पण तो कचरा उचलणाऱ्याच्या जातीत जन्मलेला नाही. चित्रपटाच्या शेवटी तो इलोनाला घेऊन जहाजाने टॅलिनला निघतो. तिथे उतरल्यावर त्याला कोणी आडनाव विचारून गल्ली दाखवणार नाही. आपल्याकडे काम सुटतं, शहर सुटतं, आडनाव सुटत नाही. जात कामं वाटत नाही, ती माणसंच वाटून टाकते, ही बाबासाहेबांची मांडणी आहे. वर्ग कळला म्हणजे जात कळली असं समजणाऱ्या आपल्या काही डाव्या मित्रांनी ती अजून नीट पचवलेली नाही. (ते इथेही प्रतिक्रिया देतीलच, स्वागत आहे.) कौरिस्माकीचा चित्रपट वर्गाचा आहे. तो जसाच्या तसा उचलून नाशकात लावता येणार नाही.

मग तो पाहायचा कशाला? कारण कॅमेरा कुठे ठेवायचा, हे त्यातून शिकता येतं. हेलसिंकीलाही पर्यटकांच्या कार्डावर छापायच्या जागा आहेत. या दिग्दर्शकाला त्यांच्याशी देणंघेणं नाही. 'द मॅन विदाऊट अ पास्ट' (२००२) मध्ये हेलसिंकी म्हणजे लोखंडी कंटेनरमध्ये राहणारी बेघर माणसं. 'द अदर साइड ऑफ होप' (२०१७) मध्ये कोळशाच्या जहाजात लपून आलेला सीरियाचा निर्वासित खालेद. राजधानी एकच, पण ती कोणाच्या खांद्याच्या उंचीवरून बघायची, हे त्याने ठरवलं आहे.

आता आपल्या गावाकडे या. नाशिक म्हटलं की पडद्यावर काय येतं? रामकुंड, गोदेची आरती, भगव्या वस्त्रातले साधू, अलीकडे द्राक्षाचे मळे आणि वाईन. आणि हे कुठल्या गावाचं चाललंय? ज्या गावाला भारतीय सिनेमाचं माहेर म्हणतात त्या गावाचं! दादासाहेब फाळके त्र्यंबकेश्वरचे. 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) मुंबईत झाला, पण त्यानंतर फाळक्यांनी बिऱ्हाड नाशकात आणलं, १९१८ साली हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी निघाली ती इथेच, आणि १९४४ साली ते वारले तेही इथेच. 'कालिया मर्दन' (१९१९) मधला कृष्ण म्हणजे त्यांचीच लहान मुलगी मंदाकिनी. माणूस जिद्दीचा होता, शेवटी हलाखीत गेला. त्याच्या कष्टांची थट्टा करायचं कारण नाही.

पण दोन तारखा शेजारी ठेवून बघा. २ मार्च १९३०, काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला. बाबासाहेब स्वतः आले होते, पुढे हा लढा भाऊराव उर्फ दादासाहेब गायकवाडांनी पेलला. हजारो माणसं रांगेने मंदिराकडे चालत गेली, त्यात बाया होत्या, लेकरं होती. दरवाजे बंद झाले. एप्रिलमध्ये रथ ओढण्यावरून दगडफेक झाली, आपली माणसं रक्तबंबाळ झाली. हे पाच वर्षं चाललं. आणि १९३२ हे साल फाळक्यांच्या शेवटच्या मूकपटाचं. नाव 'सेतुबंधन'. म्हणजे पंचवटीत रामाच्या दारात जिवंत माणसं दगड खात होती, आणि त्याच काळात याच गावच्या कंपनीच्या कॅमेऱ्यापुढे राम वानरांकडून समुद्रावर पूल बांधून घेत होता.

मी फाळक्यांवर वैयक्तिक आरोप करत नाही. त्या काळी पौराणिक चित्रपट चालत, पैसा त्यात होता, वगैरे सगळं खरं. प्रश्न एका माणसाचा नाहीच. कॅमेरा, फिल्म, भांडवल आणि डोळा ज्या समाजाच्या हातात होता, त्याला मंदिराच्या आत काय आहे ते दिसत होतं आणि मंदिराच्या दारात कोण बसलंय ते दिसत नव्हतं. माझी आजी त्या सत्याग्रहाच्या गोष्टी सांगायची, तिला तिच्या आईने सांगितलेल्या. कोणत्या आळीतून भाकरी यायच्या, कोणत्या वळणावर पोलीस उभे असायचे. आमच्या घरात सत्याग्रहाचं चित्र एवढंच, आजीच्या आवाजातलं.

आजही पुण्यामुंबईचे पाहुणे आले की आपण त्यांना मुंबई-आग्रा रस्त्यावरच्या फाळके स्मारकात नेतो. बाग आहे, कारंजी आहेत. शेजारी बुद्ध स्मारक आहे आणि वर डोंगरात लेणी. त्रिरश्मी बुद्ध लेणी, जिला सरकारी पाट्यांनी आणि रिक्षावाल्यांनी 'पांडवलेणी' करून टाकलं. पांडवांचा त्या चोवीस लेण्यांशी काय संबंध, हे एकदा तरी कोणाला विचारून बघा. तिथल्या शिलालेखांत राण्या आहेत, राजाचा जावई आहे, गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेणी आहेत. आणि आठ नंबरच्या लेण्यात मुगूदास नावाच्या एका मच्छीमाराचं नाव आहे. सहपरिवार दान दिलं म्हणून ते कोरलं गेलं. राजघराण्याच्या लेण्यांच्या ओळीत एका कोळ्याचं लेणं! सुमारे दोन हजार वर्षांपूर्वी याच डोंगरात, छिन्नी-हातोड्याच्या काळात, मासे पकडणाऱ्या माणसाची नोंद झाली. डोंगराच्या पायथ्याशी सिनेमाचं स्मारक उभं आहे, त्या सिनेमाला काळारामच्या दारातली माणसं दिसली नाहीत. मी दर वेळी तिथे गेलो की या दोन गोष्टींमधलं अंतर पायऱ्या मोजत चढतो.

आता कोणी म्हणेल, काळाराम सत्याग्रहावर एक भव्य चित्रपट झाला पाहिजे. मोठा नट, मोठा सेट, सरकारी अनुदान. माझं मत वेगळं आहे. असा चित्रपट झाला तर मी पहिल्या दिवशी तिकीट काढीन, पण मला त्याची भीतीही वाटते. भव्य चित्रपटात मंदिर भव्य होतं. शेवटी दरवाजा उघडतो, पार्श्वसंगीत वाजतं आणि प्रेक्षक डोळे पुसत दर्शन घेऊन घरी जातो. बाबासाहेबांनी तर मार्च १९३४ मध्येच गायकवाडांना पत्रातून कळवलं होतं की अस्पृश्यांनी मूर्तिपूजक व्हावं म्हणून हा लढा नव्हता, माणसं जागी व्हावीत म्हणून होता. दीड वर्षात येवला आलं, १३ ऑक्टोबर १९३५. दरवाजाकडे पाठ फिरवणं हा या गोष्टीचा कळस आहे, आणि तो मोठ्या पडद्याला परवडणारा नाही.

मग कोण करणार? याचं उत्तरही मला एका उत्तरेकडच्या राजधानीतच सापडलं. ऑस्लोवर योआकिम त्रिएर नावाच्या दिग्दर्शकाने सुंदर चित्रपट केले आहेत. त्याच्या 'ऑस्लो, ऑगस्ट ३१' ची सुरुवात शहराच्या जुन्या चित्रफितींनी होते, आणि लोक आपापली आठवण सांगत जातात. मला ती फार आवडते. पण त्या ऑस्लोत पाकिस्तानातून आलेल्या कामगारांच्या घरातली जेवणाची खोली दिसत नाही. ती दाखवली इरम हक या बाईने, २०१७ साली, 'व्हॉट विल पीपल से' मध्ये. 'लोक काय म्हणतील' हेच नाव, आपल्या आयांच्या तोंडचं. घराण्याच्या अब्रूसाठी मुलीला उचलून पाकिस्तानात नेऊन टाकतात, ही गोष्ट इरमच्या स्वतःच्या आयुष्यातून आली आहे. बापाचं काम आपल्या आदिल हुसेनने केलंय. तिने त्रिएरला अर्ज केला नाही की साहेब, पुढच्या चित्रपटात आम्हालाही घ्या.

आपल्याकडे नागराज मंजुळेंनी तेच केलं. 'फँड्री' (२०१३) मध्ये डुक्कर खांद्यावर घेऊन जाणाऱ्यांच्या मागे भिंतीवर बाबासाहेब, फुले, सावित्रीमाई, गाडगेबाबा दिसतात, तेव्हा ती भिंत सेट वाटत नाही, आपल्या शाळेची वाटते. 'झुंड' (२०२२) मध्ये नागपूरच्या वस्तीत जयंती होते आणि हिंदीतला सर्वात मोठा नट त्या जयंतीत एक माणूस म्हणून उभा राहतो. 'कोर्ट' (२०१४) मध्ये गटारात मेलेल्या सफाई कामगारावरून खटला चालतो आणि लोकशाहीर झालेले वीरा साथीदार म्हणजे चळवळीतलाच माणूस. नागपूर आलं, मुंबई आली, सोलापूर जिल्हा आला. वामनदादा कर्डकांचं देशवंडी, दादासाहेब गायकवाडांचं आंबे आणि येवल्याचं मैदान ज्या जिल्ह्यात आहे, तो अजून रामकुंडावरच अडकलाय.

आणि वेळ कमी आहे. सिंहस्थ आला. २०२७ मध्ये जगभरचे कॅमेरे गोदाकाठी येतील, ड्रोन उडतील, आखाड्यांच्या मिरवणुका तासन्‌तास थेट दिसतील. स्नान उरकल्यावर घाट कोण धुणार? कंत्राटी माणसं कुठून येणार, किती रोजावर, मुक्काम कुठे, हातात मोजे असतील की नसतील? त्या ड्रोनला हे दिसणार नाही, तो फार उंचावर असतो. आपल्या पोरांच्या खिशातला मोबाईल मात्र बरोबर छातीच्या उंचीवर असतो.

रडकं काही काढू नका, एवढीच माझी अट आहे. निकांडरसारखं दाखवा. माणूस कामावरून येतो, आंघोळ करतो, केस विंचरतो, बायकोशी भांडतो, भीमगीत लावतो, पोरीच्या ॲडमिशनची फी मोजतो.

त्या पोराने ते मनावर घेतलंय. परवा पहाटे पाचला त्याचा मेसेज आला, सोबत चाळीस सेकंदांचा व्हिडिओ. अंधारात घंटागाडीचा डेपो, एकेक गाडी बाहेर पडते. शेवटच्या गाडीच्या आरशात वडील दिसतात, कॅमेऱ्याकडे बघून म्हणतात, "आरं, बंद कर ते, आन् दूध घेऊन घरी जा." पुढच्या रविवारी चादरीवर तो व्हिडिओ लावतोय. साडेपाच वाजता, सतरंजी ज्याने त्याने आणायची.