न पाहिलेल्या चित्रपटावरील निकाल

काही वर्षांपूर्वी आमच्या भागातील एका सभागृहाच्या समितीपुढे मी एक साधा प्रस्ताव ठेवला होता. हाउझीच्या आणि नाचगाण्यांच्या इतक्या रात्री आपण साजऱ्या करतो, तर वर्षातून एक संध्याकाळ माहितीपटासाठी राखून ठेवावी. आरंभासाठी मी आनंद पटवर्धन यांचा १९९५ सालचा 'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध' सुचवला. त्याचे इंग्रजी नाव 'फादर, सन अँड होली वॉर'. ते ऐकताच एक ज्येष्ठ सभासद उसळून उठले. पवित्र त्रैक्याची टवाळी आपल्या छपराखाली नको, असे म्हणून त्यांनी विषय संपवला. इतरांनी माना डोलावल्या. चित्रपट मात्र त्यांच्यापैकी कोणीच पाहिला नव्हता.

त्या चित्रपटात त्रैक्याची टवाळी नाही. देवराळ्याला १९८७ साली रूप कंवर चितेवर गेली आणि १९९२-९३ मध्ये मुंबई पेटली. या दोन्हींमागे पुरुषी अहंकाराचा कोणता विखार होता, असा त्याचा प्रश्न आहे. राष्ट्रीय पुरस्काराने गौरवलेला हा चित्रपट दाखवण्यास दूरदर्शनने नकार दिला आणि अखेर २००६ साली सर्वोच्च न्यायालयाने तो दाखवण्याचा आदेश दिला. सुटी दृश्ये उचलून नव्हे, तर समग्र कृती पाहून न्याय करावा, हे तेथे स्पष्ट झाले. दूरदर्शनने निदान चित्रपट पाहून नाकारला होता. आम्ही तेवढेही कष्ट घेतले नाहीत.

पटवर्धनांची सारी कारकीर्दच अशी आहे. बिहारमधील जयप्रकाशांच्या आंदोलनावरील 'क्रांती की तरंगें'पासून तिचा आरंभ होतो. 'राम के नाम'लाही राष्ट्रीय पुरस्कार लाभला, पण १९९२ चा हा चित्रपट दूरदर्शनवर आला तो न्यायालयाच्या आदेशानंतर, १९९७ मध्ये. अण्वस्त्रांवरील 'जंग और अमन'ला सेन्सॉरने कात्री लावू पाहिली. २००३ साली मुंबई उच्च न्यायालयाने तो एकही काट न लावता मोकळा केला. एका हाताने पुरस्कार द्यायचा आणि दुसऱ्या हाताने पडदा ओढायचा, ही आपल्या सरकारी संस्थांची जुनी खोड!

''ही मंडळी गरिबांच्या दुःखावर नाव कमावतात,'' असा दुसरा आक्षेप त्या बैठकीत आला. तो खोटा ठरवणे सोपे नाही, आणि म्हणूनच तो मला महत्त्वाचा वाटतो. झोपड्या पाडण्याविषयीच्या 'हमारा शहर' (१९८५) मध्ये एक स्त्री कॅमेऱ्यामागच्या माणसालाच फैलावर घेते : आमचे फोटो काढून तुम्ही नाव मिळवाल, आमच्या पदरात काय? दिग्दर्शकाला हे दृश्य कापून टाकता आले असते. त्याने ते ठेवले. पुढच्याच वर्षी, १९८६ मध्ये, संजय गांधी नगर पाडले गेले तेव्हा पटवर्धन आणि शबाना आझमी रहिवाशांसह उपोषणास बसले. आक्षेप घेणाऱ्यांपैकी किती जण कोणाच्या घरासाठी एक दिवस उपाशी राहिले आहेत?

त्याच 'हमारा शहर'मध्ये शाहीर विलास घोगरे गातात. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात १० जणांचे प्राण गेले आणि काही दिवसांतच घोगरे यांनी आपले जीवन संपवले. त्या मृत्यूचा माग पटवर्धन चौदा वर्षे घेत राहिले. त्यातून २०११ साली 'जय भीम कॉम्रेड' उभा राहिला. तो बव्हंशी आपल्याच मराठीत बोलतो, गातो, रडतो. वस्त्यावस्त्यांतून उघड्यावर पडदा बांधून लोकांनी तो पाहिला. आमच्याकडे तर पडदा आहे, पंखे आहेत, खुर्च्याही आहेत.

येत्या बैठकीत मी प्रस्ताव पुन्हा मांडणार आहे, आणि चित्रपट तोच, जुन्या नावाचा. त्या ज्येष्ठ सभासदांसाठी पहिल्या रांगेत खुर्ची राखून ठेवू. दिवे पुन्हा लागल्यावर सर्वांआधी त्यांनीच बोलावे.