धबधब्यांचा धनी कोण?

चिलीतील सोरा संपला की जगात गव्हाची टंचाई ओढवेल, असा इशारा सर विल्यम क्रुक्स यांनी १८९८ साली दिला, तेव्हा हवेतील नत्र पकडून त्याचे खत करण्याची व्यवहार्य युक्ती कोणालाच साधलेली नव्हती. ती प्रथम मोठ्या प्रमाणावर साधली नॉर्वेत, आणि त्यामागचे कर्तृत्व साम आयडे यांचे होते.

१८६६ साली आरेंडाल या बंदरगावी जन्मलेले आयडे बर्लिनमध्ये स्थापत्यशास्त्र शिकले. विजेचा उपयोग काय करायचा हे निश्चित होण्याआधीच त्यांनी धबधब्यांचे हक्क मिळवण्यास प्रारंभ केला होता. सावध व्यापाऱ्याने याला जुगारच म्हटले असते! १९०३ च्या फेब्रुवारीत एका मेजवानीत त्यांची गाठ प्राध्यापक क्रिस्तियान बिर्केलांद यांच्याशी पडली. विजेच्या प्रखर ज्योतीतून हवा नेऊन नत्र व प्राणवायू यांचा संयोग घडवणे, ही कल्पना बिर्केलांद यांची. पद्धतीला दोघांचेही नाव लागले. तथापि विज्ञान त्या प्राध्यापकाचे होते, हे विसरणे अन्यायाचे होईल.

१९०५ साली नॉर्वेने स्वीडनशी असलेली युती मोडली. त्याच वर्षी आयडे यांनी स्थापलेल्या नॉर्स्क हायड्रोचे भांडवल मात्र मुख्यतः स्वीडिश व फ्रेंच होते. १९११ साली सुरू झालेले वेमॉर्कचे वीजगृह त्या काळी जगात सर्वांत मोठे ठरले. पण देशाची जलसंपत्ती परक्यांच्या हाती जाणार काय, ही धास्ती त्यापूर्वीच राजकारणात शिरली होती. योहान कास्टबर्ग यांच्या पुढाकाराने झालेल्या १९०९ च्या कायद्याने, नव्या खासगी परवान्यातील धबधबे साठ ते ऐंशी वर्षांनी मोबदल्याविना राज्याकडे परत जातील, अशी अट घातली. १९१८ साली सर्वोच्च न्यायालयानेही ती घटनेस धरून असल्याचा निवाडा दिला.

उद्योजकांना ही अट जाचक वाटणे स्वाभाविक होते. आमच्या मते मात्र आयडे यांचे साहस आणि कास्टबर्ग यांचा अंकुश, दोन्ही त्या देशाला हवे होते. साहसाविना पाणी वाया गेले असते. अंकुशाविना ते परक्यांचे झाले असते.

आयडे १९१७ साली हायड्रोच्या प्रमुखपदावरून दूर झाले, संसदेत गेले, पोलंडमध्ये राजदूत राहिले आणि १९४० साली निवर्तले. अफाट वीज खाणारी त्यांची ज्योतिभट्टीची पद्धत १९२० नंतरच्या दशकात जर्मन पद्धतीपुढे मागे पडली. धबधब्यांच्या मालकीचा वाद चालूच राहिला. २००८ साली नॉर्वेने मोठ्या जलविद्युत प्रकल्पांत किमान दोनतृतीयांश मालकी सार्वजनिकच असावी, असा दंडक केला.